शांततेची ‘दलाली’ का खटकते?

प्रश्न असा आला आहे: ‘नॉर्वे सरकारने श्रीलंकेत शांततेची दलाली केली’ असं एका भाषांतरात वाचलं. दलाल म्हणजे मध्यस्थच ना, मग कानाला का खटकतं? आणि ‘शिष्टाई’ चालेल का?

खटकतं ते बरोबरच. ‘दलाल’ मूळचा अरबी, वाट दाखवणं अशा अर्थाच्या धातूवरून आलेला. म्हणजे जन्माने निरागस. पण मराठीत दलाली म्हटली की सौदा जुळवणाऱ्याची टक्केवारी आठवते. नॉर्वेला टोमणा मारायचा असेल तर शब्द चपखल आहे. बातमीत नको.

‘मध्यस्थी’ निर्धोक. (‘मध्यस्ती’ नव्हे.) फक्त तिची लवादाशी गल्लत करू नका. १९६५मध्ये कच्छच्या रणात भारत-पाकिस्तानची चकमक थांबली ती ब्रिटनच्या मध्यस्थीने. सीमा मात्र ठरवली तीन सदस्यांच्या लवादाने, १९६८ साली. मध्यस्थाचं म्हणणं धुडकावता येतं, लवादाचा निवाडा आधीच कबूल केलेला असतो.

खरी गंमत ‘शिष्टाई’त आहे. शब्द उच्चारला की कृष्णशिष्टाई आठवते, नाहीतर अंगदशिष्टाई. पण कृष्ण हस्तिनापूरला गेला तो पांडवांच्या वतीने, अंगद लंकेत गेला तो रामाच्या वतीने. दोघेही एका पक्षाचे दूत, तिऱ्हाईत नव्हेत. त्या काट्याने तोललं तर नॉर्वेला हा शब्द लागू पडत नाही. आता मात्र कोणीही मध्ये पडून समजूत घातली की आपण शिष्टाई म्हणतो, आणि त्यात मला काही वावगं वाटत नाही. एवढंच, की या दोन्ही शिष्टाया फसल्या होत्या, आणि ती सावली शब्दावर अजून आहे.

म्हणून मी काळ बघून शब्द निवडेन. फेब्रुवारी २००२मध्ये श्रीलंका सरकार आणि तिथल्या तमिळ बंडखोरांची संघटना एलटीटीई यांच्यात युद्धबंदीचा करार झाला, तेव्हाच्या बातमीसाठी: ‘नॉर्वेच्या मध्यस्थीने युद्धबंदी’. क्रियापद हवं असेल तर ‘घडवून आणली’. तह, समेट, सलोखा, सगळ्यांशी ते छान जुळतं. जानेवारी २००८मध्ये श्रीलंका सरकार त्या करारातून अधिकृतपणे बाहेर पडलं आणि २००९च्या मे महिन्यात निकाल रणांगणावरच लागला. त्याबद्दल लिहिताना मी बेलाशक लिहीन: ‘नॉर्वेची शिष्टाई फळाला आली नाही.’