डोळ्यांनी पाहिलेलंही खोटं असू शकतं का? आणि त्यानं वास्तव बदलतं का?

हो, असू शकतं. ठाणे स्टेशनवर लोकल थांबलेली असताना खिडकीतून शेजारची गाडी सुटताना बघा. आपलीच गाडी मागे जातेय असं वाटतं, पोटात हलकासा गोळाही येतो. मग दुसऱ्या बाजूला फलाटाचा खांब दिसतो, तो जागच्या जागी. कारण नजरेचा बराचसा भाग हलू लागला की मेंदू 'आपणच हललो' असा अंदाज बांधतो.

आठवणीचं त्याहून अवघड. 1974 साली एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर या मानसशास्त्रज्ञांनी विद्यार्थ्यांना मोटारींच्या टकरीची फिल्म दाखवली. काहींना विचारलं, गाड्या 'धडकल्या' तेव्हा वेग किती होता? काहींना विचारताना 'जोरात आदळल्या' म्हटलं. आठवड्यानं विचारलं, फुटलेली काच दिसली का? 'आदळल्या' ऐकलेल्या 50 पैकी 16 जण हो म्हणाले, 'धडकल्या' ऐकलेल्या 50 पैकी 7. फिल्ममध्ये काच फुटलेलीच नव्हती!

वास्तव त्यानं बदलत नाही, पण माणसांचं आयुष्य बदलतं. तीन हात नाक्यावर रिक्षा आणि स्कूटरची टक्कर झाली, तेव्हा रिक्षावाल्यानं सिग्नल तोडला असं मी छातीठोकपणे सांगितलं. लोकांनी त्याची कॉलर धरली. नंतर कुणीतरी मोबाइलवरचं शूटिंग दाखवलं. सिग्नल हिरवा होता. मी आवाज ऐकून वळलो होतो, म्हणजे टक्कर होण्याआधीचं काही पाहिलंच नव्हतं. त्याची माफी मागितली, पण तो चेहरा अजून डोळ्यांसमोरून हलत नाही.