चॅनेल टाकलं तरी ड्रॉवर अडकतोय

प्रश्न: नमस्कार. घरातल्या कपाटाला दोन ड्रॉवर मीच बसवले, १८ इंची बॉल बेअरिंगवाले टेलिस्कोपिक चॅनेल (ड्रॉवर ज्यावर सरकतो त्या लोखंडी पट्ट्या) आणून. कपाटाची आतली रुंदी ४०० मिमी, म्हणून दोन्हीकडे अर्धा अर्धा इंच सोडून खोका ३७५ चा केला. वरचा ड्रॉवर शेवटची तीन-चार बोटं आत जातच नाही, जोर लावावा लागतो, आणि खालचा बंद केला की हळूच आपोआप बाहेर येतो. दुकानदार म्हणतो चॅनेल बदलून देतो. बदलू का?
– एक वाचक, मिरज

उत्तर: बदलू नका, नवीन चॅनेलही तसंच अडकेल. ४०० हे माप तुम्ही कुठे घेतलंत? माझा अंदाज पुढच्या कडेला, सगळे तिथेच घेतात. टेप आत घालून पार मागे मोजा, ३९८ भरलं तर उत्तर मिळालंच, कारण पुढे मोकळा आणि मागे गेल्यावर घट्ट याचा अर्थ कपाट मागे आवळलेलं आहे, किंवा दोन चॅनेल एकमेकांना समांतर नाहीत. आतली एखादी फळी दोन मिमी कमी कापली की बाजू आत ओढल्या जातात, साध्या डोळ्यांना दिसतही नाही.

या चॅनेलला एका बाजूला १२.७ मिमी लागतात, म्हणजे दोन्ही मिळून २५.४. तुम्ही २५ च सोडलेत, आधीच किंचित कमी. मी स्वतः २६ धरतो आणि तेही सर्वात अरुंद जागेतून वजा करतो, कारण थोडं सैल असेल तर चॅनेलमागे सनमायकाची पट्टी घालून भागतं (ती साधारण १ मिमीची असते, सुतारांचं जुनं पॅकिंग), पण खोका मोठा झाला तर रंधा नाहीतर पॉलिशपेपर घेऊन बसावं लागतं.

खात्री करायला पुढचं आणि मागचं माप पुन्हा ताडून बघा. मागे कमी भरलं तर रुंदीचाच घोळ. मग खोक्याच्या बाजूला चॅनेल जिथे बसतं तेवढ्याच पट्ट्यात मागच्या बाजूने थोडं थोडं घासत न्या, मध्ये मध्ये बसवून बघत, कारण एकदा जास्त गेलं की पुन्हा मायका शोधा.

खालच्या ड्रॉवरचं वेगळं आहे. बहुतेक चॅनेलना बंद झाल्यावर धरून ठेवणारा एक छोटा खटका असतो, ड्रॉवर तिथपर्यंत पोचला नाही तर तो पकडत नाही. खोका मागच्या प्लायला टेकतोय का ते आधी बघा. टेकत नसेल तर चॅनेलवर लेव्हल (बुडबुड्याची पट्टी) ठेवा, पुढची बाजू खाली असणार. टेपने दोन्हीकडची उंची मोजत बसण्यापेक्षा प्लायचा एकच तुकडा कापायचा, कपाटाच्या तळावर उभा करायचा, त्यावर चॅनेल टेकवून स्क्रू मारायचा आणि तोच तुकडा दुसऱ्या बाजूला न्यायचा, दोन्ही चॅनेल सारख्या उंचीवर येणारच. स्क्रूही आधी फक्त लांबट भोकांत, पुढे एक मागे एक, म्हणजे वर-खाली पुढे-मागे करता येतं, सगळं जमलं की मगच गोल भोकांत. डोकं चपटं असलेले स्क्रू वापरा, वर आलेलं डोकं आतल्या पट्टीला घासतं आणि माणूस बेअरिंगला शिव्या घालतो.

आता दहा वेळा काढ-घाल होणार म्हणून हे सांगतोच. ड्रॉवर काढताना दोन्हीकडच्या काळ्या प्लास्टिकच्या पट्ट्या दाबायच्या, बऱ्याच चॅनेलमध्ये एका बाजूची वर आणि दुसऱ्या बाजूची खाली जाते, ते बरोबरच आहे. परत घालताना कपाटावरच्या चॅनेलमधली, बेअरिंगच्या गोळ्या धरणारी जाळी पार पुढे ओढून घ्या. ती मागे राहिली आणि तुम्ही तसाच ड्रॉवर ढकललात की जाळी वाकते, गोळ्या फरशीभर, आणि मग मात्र चॅनेल खरंच बदलावं लागतं.

प्रश्न: आजोबांचं सागवानी टेबल आहे, पावसाळ्यात खण घट्ट होतो. चॅनेल बसवून घेऊ का?
– एक वाचक, चिपळूण

उत्तर: अजिबात नको. त्या खणाला बाजूला अर्धा इंच जागा कुठून आणणार, खण कापून लहान करावा लागेल. लाकूड ओल धरून फुगलंय, आता रंधा मारलात तर उन्हाळ्यात तोच खण खुळखुळेल. खण काढा, खालच्या पट्ट्या आणि खणाच्या कडा कोरड्या पुसा, त्यावर साधी मेणबत्ती घासा. तेल लावू नका, धूळ चिकटते. दिवाळीनंतरही अडकत असेल तर जिथे घासून चमक आलीय तिथेच रंधा, तोही अगदी हलक्या हाताने.

प्रश्न: सॉफ्ट क्लोज चॅनेल (शेवटी ड्रॉवर हळूच ओढून बंद करणारं) घ्यावं की साधं?
– एक वाचक, ठाणे

उत्तर: किचनमध्ये घ्या, भांड्यांचा आवाज वाचतो. कपड्यांच्या ड्रॉवरला साधं पुरतं. फक्त सॉफ्ट क्लोजला माप जास्त काटेकोर लागतं, खोका जरा तिरका असला की शेवटचे दोन इंच तो स्वतःहून ओढून घेत नाही, आणि उघडताना सुरुवातीला थोडा जड लागतो, तो दोष नाही.