वाचकांचे प्रश्न : टोंगाचा राजा, घटना आणि जमीन

प्रश्न : प्रशांत महासागरातील टोंगा या देशात १८७५ पासून लिखित राज्यघटना आहे आणि राजाही आहे, असे वाचनात आले. मग तेथील राजा इंग्लंडच्या राजासारखा केवळ नामधारी समजायचा का? (एक वाचक, सातारा)

उत्तर : नामधारी नाही आणि अनियंत्रितही नाही. ही घटना कोणी दिली आणि कशासाठी दिली, हे पाहिल्यावर त्याचे स्थान नीट कळते. इंग्लंडमध्ये आधी सरदारांनी आणि नंतर संसदेने शतकानुशतके झगडून राजाचे अधिकार कमी केले. टोंगात राजानेच आपण होऊन प्रजेला घटना दिली. यादवीने पोखरलेली बेटे एका अमलाखाली आणणारा तौफाआहाऊ, म्हणजे बाप्तिस्म्यानंतरचा राजा जॉर्ज तुपोऊ पहिला, याने १८३९ मध्ये वावाऊ बेटांसाठी लिखित कायदे केले, १८६२ मध्ये रयतेला सरदारांच्या वेठबिगारीतून सोडवले आणि ४ नोव्हेंबर १८७५ रोजी घटना जाहीर केली. तिच्या मसुद्यात वेस्लियन या प्रॉटेस्टंट ख्रिस्ती पंथाचे मिशनरी शर्ली बेकर यांचा मोठा हात होता. (हेच बेकर पुढे टोंगाचे पंतप्रधान झाले आणि १८९० मध्ये ब्रिटिश उच्चायुक्तांनी त्यांना देशाबाहेर घालवले.)

यातला काळ लक्षात घेण्याजोगा आहे. शेजारचे फिजी १८७४ मध्ये ब्रिटिशांच्या ताब्यात गेले होते. ज्या राज्याला लिखित कायदा, न्यायालये आणि विधिमंडळ आहे, त्याला ‘रानटी’ ठरवून गिळंकृत करणे युरोपीय सत्तांना अवघड जाईल, हा हिशेब राजाने केला होता आणि तो बराचसा बरोबर निघाला. जर्मनी, ब्रिटन व अमेरिका यांच्याशी एकामागून एक तह झाले. १९०० च्या करारानुसार परराष्ट्र व्यवहार ब्रिटनकडे गेला खरा, पण अंतर्गत राज्यकारभार टोंगाच्या राजघराण्याकडेच राहिला आणि ४ जून १९७० रोजी ब्रिटनचे हे संरक्षणही संपले. हवाईनेही लिखित घटना केली होती, तरी तेथील राजसत्ता १८९३ मध्ये उलथली गेली. तेव्हा सगळे श्रेय कागदालाच देणे योग्य होणार नाही.

घटनेने सरदार आणि सामान्य माणूस यांना एकच कायदा लागू केला, पण सत्ता राजाच्याच हाती ठेवली. विसाव्या शतकाच्या अखेरपर्यंत मंत्री राजा नेमत असे आणि विधिमंडळात सामान्य जनतेचे प्रतिनिधी अवघे ९ असत. १६ नोव्हेंबर २००६ रोजी नुकुआलोफा या राजधानीत दंगल उसळली, मध्यवर्ती बाजारपेठेचा मोठा भाग जळाला आणि आठ जणांचा जीव गेला. त्यानंतर सुधारणा पुढे ढकलणे शक्य उरले नाही. राजा जॉर्ज तुपोऊ पाचवा याने कारभाराचे बहुतेक अधिकार सोडण्याची तयारी दाखवली आणि २०१० पासून विधिमंडळातील २६ निर्वाचित जागांपैकी १७ जनतेच्या व ९ वंशपरंपरागत उमरावांच्या अशी वाटणी झाली. पंतप्रधानाची निवड आता विधिमंडळ करते, राजा नेमणूक करतो. तरीही विधेयकाला राजाची संमती लागते, न्यायाधीशांच्या नेमणुकीत त्याचा वाटा असतो आणि विधिमंडळ विसर्जित करण्याचा अधिकारही त्याच्याकडेच आहे. २०१७ मध्ये तुपोऊ सहावा याने सभापतींच्या सल्ल्यावरून तो वापरलाही. पंतप्रधान अकिलिसी पोहिवा, जे विधिमंडळाने निवडलेले सामान्य कुळातील पहिले पंतप्रधान होते, ते मात्र लगेचच्या निवडणुकीत पूर्वीपेक्षा अधिक जागा घेऊन परत आले. राजाचा अधिकार कायद्याने खरा आहे. तो वापरल्यावर निकाल त्याच्या मनासारखा लागेलच, याची हमी मात्र घटना देत नाही.

प्रश्न : तेथे जमीन विकताच येत नाही, हे खरे काय? (एक वाचक, रत्नागिरी)

उत्तर : खरे आहे, आणि माझ्या मते घटनेतील सर्वांत धीट कलम हेच. सर्व भूमी राजाची असून ती विकणे कायमचे बेकायदा आहे. परकीयाला फार तर मुदतीच्या भाडेपट्ट्याने घेता येते. उमरावांना ‘तोफिआ’ म्हणजे वतनी मुलूख मिळालेले आहेत, पण त्यांनाही ते विकता येत नाहीत. सोळा वर्षे पूर्ण झालेल्या प्रत्येक टोंगी पुरुषाला कसण्यासाठी सुमारे सव्वाआठ एकर आणि घरासाठी गावात वेगळी जागा मागण्याचा हक्क कायद्याने दिला आहे. त्यामुळे परक्या सावकाराच्या घशात जमीन गेली नाही. उणिवा मात्र आहेत: लोकसंख्या वाढल्याने सर्वांना पुरेल इतकी जमीन उरलेली नाही, आणि वाटपाचा हा हक्क फक्त पुरुषांना आहे. वारसाही आधी थोरल्या मुलाकडे जातो, विधवेला हयातभरापुरता उपभोग मिळतो.

प्रश्न : मग तेथे स्त्री राज्यावर बसू शकते का?

उत्तर : बसू शकते, मुलगे नसतील तर मुलीला हक्क पोहोचतो. राणी सालोते तुपोऊ तिसरी हिने १९१८ ते १९६५ अशी सत्तेचाळीस वर्षे राज्य केले. १९५३ मध्ये लंडनमधील राणी एलिझाबेथ दुसरी हिच्या राज्याभिषेकाच्या मिरवणुकीत भर पावसात सालोतेने उघड्याच गाडीतून जाणे पसंत केले, तेव्हा तेथील प्रेक्षकांना टोंगाचे नाव कळले. राजघराण्यातील व्यक्तीला विवाहासाठी राजाची संमती लागते. ती नसेल तर वारसाहक्क जाऊ शकतो.