हिरवी पाने गळताना

प्रश्न : थंडीत घरात, खिडकीजवळ आणून ठेवलेल्या कुंडीतल्या लिंबाची पाने हिरवी असतानाच गळत आहेत. पाणी रोज देतो. झाड वाचेल का?

उत्तर : फांदीची साल नखाने किंचित खरवडून पाहावी, आत हिरवे दिसले तर झाड जिवंत आहे. लिंबू सदाहरित असले तरी त्याची जुनी पाने थोडीथोडी गळतातच, परंतु हिरवी पाने एकदम गळतात तेव्हा दोष बहुधा मुळांशी असतो. माती सुमारे १३ अंश सेल्सिअसपेक्षा थंड झाली की मुळांचे काम जवळजवळ थांबते, आणि त्याच वेळी खिडकीतल्या उन्हाने पानांतले पाणी उडत राहिले, तर ती तूट भरून न निघाल्याने झाड पानेच टाकून देते. अशा वेळी रोजचे पाणी, कितीही मायेने दिलेले असले तरी, घातक ठरते, कारण सतत ओल्या मातीत मुळांना हवा मिळत नाही व ती कुजतात. वरची दोन-तीन सेंटीमीटर माती कोरडी झाल्यावरच भरपूर पाणी द्यावे, बशीत साचलेले पाणी ओतून टाकावे आणि कुंडी थंड फरशीवरून उचलून लाकडी फळीवर ठेवावी. खताची घाई मात्र मुळीच करू नये. नवी पालवी फुटल्यावर ते सुरू करावे.