शेजारच्यांचा मजला आणि आमचा उजेड

प्रश्न : आमचं बैठं घर 2011 मध्ये बांधलेलं आहे. शेजाऱ्यांनी आता वरचा मजला चढवायला घेतलाय आणि भिंत थेट आमच्या हद्दीपर्यंत आणलीय. स्वयंपाकघरात भर दुपारी दिवा लावावा लागतो. नगरपालिकेत तक्रार दिली, उत्तर नाही. शेजारी म्हणतात, "परवानगी आहे, हवं तर कोर्टात जा." दावा लावावा का?
— एक वाचक भगिनी

उत्तर : ताई, "कोर्टात जा" असं शेजारी सहज म्हणतात, कारण तारखा पडेपर्यंत स्लॅब टाकून होतो. दावा लावायचाच झाला तर लावू, पण हातात मंजूर नकाशा नसताना नको. परवानगी खरंच असेल आणि काम नकाशाबरहुकूम चाललं असेल, तर तुमची तक्रार शेजाऱ्याविरुद्ध उरत नाही, ती परवानगी देणाऱ्यांविरुद्ध होते. बाजूचं सामासिक अंतर, म्हणजे हद्द आणि इमारत यांच्यामध्ये मोकळी सोडायची जागा, सगळीकडे सारखं नसतं; प्लॉटचा आकार, इमारतीची उंची यांवर ते ठरतं. त्यामुळे भिंत जवळ आली म्हणजे बेकायदाच, असं डोळ्यांनी बघून ठरवू नका.

नकाशा आणि बांधकाम परवानगीची प्रत माहितीच्या अधिकारात मागा. 30 दिवसांत उत्तर यायला हवं. नाही आलं तर पहिलं अपील करा. हद्दीबद्दल शंका असेल तर भूमी अभिलेखाकडून मोजणी करून घ्या.

आता उजेडाचं. ईझमेंट कायदा, म्हणजे दुसऱ्याच्या जागेवरून मिळणाऱ्या वाट, उजेड, वारा अशा हक्कांचा कायदा, 1882 चा आहे, आणि त्यात उजेड-वाऱ्याचा हक्क वहिवाटीने मिळायला अखंड 20 वर्षं लागतात. तुमचं घर 2011 चं, म्हणजे हा मुद्दा आज टिकणार नाही. पुष्कळ लोक याच मुद्द्यावर दावा उभा करतात आणि आपटतात. तुमची बाजू उभी राहील ती नियमभंगावर. बांधकाम-नियम मोडून कुणी बांधलं आणि त्याने आजूबाजूच्या रहिवाशांच्या घराच्या उपभोगावर परिणाम झाला, तर रहिवासी कोर्टात दाद मागू शकतात, हे सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्येच उडुपीच्या एका सिनेमागृहाच्या प्रकरणात मान्य केलं आहे.

नकाशापेक्षा वेगळं बांधकाम निघालं तर महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, 1966 च्या कलम 53 खाली नोटीस काढा, असा लेखी अर्ज द्या. कलमाचा उल्लेख करा, नकाशाची प्रत आणि तारखांसह फोटो जोडा, आपल्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. तोंडी तक्रारीला कोर्टात काही किंमत नाही. नोटीस निघाली तरी शेजारी ते बांधकाम ठेवण्यासाठी परवानगीचा अर्ज करू शकतात, आणि नियमांत बसत असेल तर ते नियमित होतंही. तेव्हा "पाडूनच दाखवतो" अशी भाषा आत्तापासून नको.

पालिका ढिम्म राहिली तर तिला कारवाईचा आदेश द्यावा म्हणून उच्च न्यायालयात रिट अर्ज करता येतो. दिवाणी कोर्टात मनाई हुकूम मागायचा असेल तर काम चालू असतानाच जा, आणि सोबत कोर्ट कमिशनरची (जागा पाहून अहवाल देणाऱ्या, कोर्टाने नेमलेल्या माणसाची) मागणी करा, म्हणजे जागेची आजची स्थिती कागदावर येईल. घर बांधून, राहायला जाऊन झाल्यावर कोर्ट आधी तुम्हालाच विचारतं : इतके दिवस गप्प का होतात?

एक रोखठोक प्रश्न मीही विचारतो, राग मानू नका. मागची गॅलरी ग्रिल-पत्रा लावून खोलीत घेतली आहे का? किंवा अंगणात टाकीखाली एखादी मोरी? तक्रार गेली की समोरून पहिली प्रतितक्रार याचीच येते, आणि मोजमाप घ्यायला आलेला माणूस दोन्ही घरं मोजतो. तसं काही असेल तर तुमच्या वकिलांना आधीच सांगा. तुमच्या घराचा मंजूर नकाशाही माहिती अधिकाराच्या त्याच अर्जात मागवून घ्या, दोन्ही प्रती एकदम येतील.