गोल्डन वॅटल मूळचं कुठलं? मेलबर्नच्या अंगणात बियांपासून येईल का?

येईल, कारण मेलबर्नचा परिसर बाभळीच्या जातीच्या या झुडपाच्या मूळ मुलखातच मोडतो. व्हिक्टोरिया, साउथ ऑस्ट्रेलियाचा आग्नेय भाग आणि न्यू साउथ वेल्सचा दक्षिण भाग इथे ते निलगिरीच्या विरळ जंगलात, हलक्या, निकस, खडकाळ जमिनीत वाढतं. बियांचं कवच फार टणक असतं. वणव्याच्या उष्णतेने ते तडकलं की बिया रुजतात. म्हणून नुसतं बी पुरून बहुतेक वेळा काहीच उगवत नाही. त्याऐवजी:

- बियांवर उकळतं पाणी ओता (गॅसवर मात्र उकळू नका) आणि रात्रभर भिजू द्या.
- फुगलेल्या तेवढ्याच अर्धा सेंटिमीटर खोल पेरा. बाकीच्यांना पुन्हा गरम पाणी.

रोपाची पहिली पानं चिंचेसारखी बारीक असतात, नंतर लांबट, कोयत्याच्या आकाराची येतात. तण समजून उपटू नका. मुळांवरच्या गाठींतून नत्र मिळतं, त्यामुळे खत जवळपास नकोच, स्फुरदाचं (फॉस्फरसचं) तर नाहीच. चिकणमाती असेल तर उंचवट्यावर लावा, पाणी साचलं की मुळं कुजतात. छाटणी फुलं गळाल्याबरोबर, कोवळ्या फांद्यांचीच.

हे सगळं मेलबर्नपुरतं. वेस्टर्न ऑस्ट्रेलियात आणि दक्षिण आफ्रिकेत हेच झुडूप उपद्रवी तण म्हणून पसरलंय, तिकडे लावू नये.