जादूचा मणी कथेत आणला, आता त्याचं करायचं काय?

प्रश्न: ताई नमस्कार, मी एक फॅन्टसी कादंबरी लिहितेय. त्यात 'साउलमणी' नावाचा स्फटिक आहे, अख्ख्या जगात फक्त तीन. तो जखमा भरतो, पाऊस पाडतो आणि समोरचा खोटं बोलला की हिरव्याचा लाल होतो. सहा प्रकरणं झालीत, पण मैत्रीण म्हणते की एवढा पॉवरफुल मणी असेल तर गोष्ट दुसऱ्याच पानावर संपायला हवी. मला तर तो मणीच आवडतो, काढून टाकू का?

उत्तर: मणी अजिबात काढू नका, पण त्याच्या तीन शक्तींमधल्या दोन आजच्या आज काढा. जखमा आणि पाऊस जाऊ द्या, ते काम कुठलाही मंत्र करू शकतो. खोट्याला लाल होणं मात्र फार भारी आहे, कारण त्याच्याभोवती लगेच माणसं जमतात, न्यायाधीश, साक्षीदार, आरोपी, त्याची आई, आणि कथा माणसांची असते हो, मण्याची नाही.

आता त्या रंगाकडे नीट बघा. खऱ्या जगात अलेक्झांड्राइट नावाचं रत्न आहे, दिवसाच्या उजेडात ते हिरवट दिसतं आणि मेणबत्तीच्या किंवा जुन्या पिवळ्या बल्बच्या उजेडात लालसर. त्यात थोडं क्रोमियम असतं, त्यामुळे प्रकाशातला मधला पिवळा भाग आतच शोषला जातो आणि हिरवा नि लाल असे दोन्ही बाहेर येतात, मग उजेडात ज्याचा भरणा जास्त तो रंग डोळ्याला दिसतो. दिव्याच्या उजेडात लाल भरपूर असतो, झालं काम.

हे तुमच्या दरबारात आणून ठेवा. मणी खोट्याला लाल होतो अशी सगळ्या राज्याची श्रद्धा आहे, पिढ्यानपिढ्या सुनावणी उघड्या अंगणात भर दुपारी होत आलीये आणि ती दुपारीच का, हे कुणी कधी विचारलेलंच नाही. मग एक नवा प्रधान येतो आणि म्हणतो, उन्हाचा त्रास होतो, यापुढे कामकाज संध्याकाळी आत सभागृहात चालेल. चार समया लावल्या जातात, पहिला साक्षीदार उभा राहतो, खरं तेच बोलतो, आणि मणी लाल. दुसरा उभा राहतो, पुन्हा लाल. प्रधानाला ना सैन्य लागलं ना जादू, त्याने फक्त वेळ बदलली! तुमचा व्हिलन मला इथे दिसतो, आणि तुमची हिरॉइन म्हणजे ती मुलगी जी समया लावायचं काम करते आणि जिला सकाळी झाडलोट करताना तोच मणी कायम हिरवा दिसलेला आहे.

मण्यात खरंच जादू आहे की नाही हे लगेच सांगू नका. दुपारी तो खोट्याला लाल व्हायचा का, की लोक भीतीनेच खरं बोलायचे, यावर पात्रांनाच भांडू द्या.

आणि 'फक्त तीन' याबद्दल. नुसतं दुर्मिळ असून काही होत नाही. क्यावथुआइट नावाच्या खनिजाला 2015 मध्ये अधिकृत मान्यता मिळाली, म्यानमारच्या मोगोक भागातला त्याचा एकच खडा माहीत आहे, 1.61 कॅरटचा, म्हणजे एक ग्रॅमचा जेमतेम तिसरा हिस्सा. आणि त्याच्यावाचून कुणाचंही काही अडलेलं नाही. उलट क्वार्ट्झ बघा, जमिनीत जिकडेतिकडे सापडतो, पण 1880 मध्ये क्युरी बंधूंनी दाखवलं की तो दाबला की त्याच्यावर वीज तयार होते, आणि आज घड्याळातला त्याचा चिमुकला तुकडा सेकंदाला 32,768 वेळा थरथरतो आणि त्यावर आपली वेळ चालते. म्हणून तीन मणी आहेत हे सांगण्यापेक्षा ते कुणाच्या ताब्यात आहेत, ज्या गावाला मणी नाही तिथे न्याय कसा होतो, आणि तिथल्या माणसाला सुनावणीसाठी किती दिवस चालत यावं लागतं, हे लिहा. त्या चालण्याचं एक अख्खं प्रकरण होईल.

प्रश्न: मणी आला कुठून हे सांगायलाच हवं का? मी देवीचा अश्रू असं काहीतरी लिहिलंय.

उत्तर: लोकांच्या तोंडी अश्रूची कथा राहू दे, लोक असंच बोलतात. पण तुम्हाला स्वतःला जागा माहीत हवी. मेक्सिकोत नायका इथल्या खाणीत 2000 साली एक गुहा सापडली, जमिनीखाली साधारण 300 मीटर, आत जिप्समचे अकरा मीटरच्या वर लांब स्फटिक आणि हवा 58 अंशांच्या आसपास, इतकी दमट की साध्या कपड्यात माणूस दहा मिनिटंही धड थांबू शकत नसे. कोमट म्हणता येणार नाही अशा गरम पाण्यात ते लाखो वर्षं हळूहळू वाढले. अशा ठिकाणी आत कोण जातं, कोण बाहेर थांबतं, आणि कुणाला पाठवलं जातं, एवढं ठरवलंत तरी तुमच्या राज्यातली उतरंड आपोआप कळेल.

प्रश्न: शेवटी नायिका मणी फोडते. पण तो जगातला सगळ्यात कठीण दगड आहे, मग फुटेल कसा?

उत्तर: आरामात फुटेल. हिरा सगळ्यात कठीण, म्हणजे त्याच्यावर ओरखडा काढणं अवघड, पण त्याच्या आत ठराविक प्रतलं असतात आणि त्या दिशेने नेमका घाव बसला तर तो सरळ दुभंगतो. त्यामुळे तिला ताकद नको, दिशा माहीत हवी, आणि ती तिला पैलू पाडणाऱ्या एखाद्या म्हाताऱ्या कारागिराकडून कळू दे, त्याला आधीच्या प्रकरणांत कुठेतरी आणून ठेवा.

फक्त फुटला आणि कादंबरी संपली असं करू नका. तुकड्यांचाही रंग बदलणारच ना? मग काल जे तीन होते ते आता शेकडो झाले, दरबारातून बाहेर गेले, कुणी अंगठीत बसवला, कुणी रात्री दिव्यापाशी नवऱ्याच्या समोर धरला. आधी हे प्रकरण लिहा आणि मला नक्की पाठवा, बाकीची कादंबरी त्याच्यावरून उलटी रचता येईल.